आडवं करा त्यास्नी

१९९२ सालचा जून. मृग नुकताच लागला होता. तात्या पहाटे धार काढायला गोठ्यात गेले ते बराच वेळ आलेच नाहीत. म्हैस सारखी रेकायला लागली म्हणून आई बघायला गेली. चरवी लवंडलेली, दूध शेणात मिसळलेलं आणि तात्या गव्हाणीला पाठ लावून एका कुशीवर पडलेले. उजवा हात लुळा, तोंड एका बाजूला ओढलेलं. हाका मारल्या तर डोळे किलकिले व्हायचे, पण ओळख नव्हती.

आईच्या ओरडण्यानं अख्खी वाडी गोळा झाली. शेजारच्या आप्पांनी पुढं होऊन सूत्रं हातात घेतली. "आडवं करा त्यास्नी. सरळ करा." चौघांनी उचलून ओसरीवर आणलं, उताणं निजवलं, डोक्याखाली दोन उशा दिल्या. थोड्या वेळानं ते घोरायला लागले. आई म्हणाली, "झोप लागली वाटतं." सगळ्यांना तेवढ्यानंच जरा धीर आला. मलाही आला.

आमची वाडी पाटण तालुक्यातली, डोंगराच्या अंगाला चिकटलेली. पाटण-कराड मार्गावर वडाप करणारी एक जीप खालच्या गावात मुक्कामाला असायची. थोरला भाऊ पळत जाऊन ती घेऊन आला. तात्यांना बाजेवर घालून पांदीतून खाली आणलं. जीपच्या मागच्या दोन बाकड्यांवर आडवी फळी टाकली, वर गोधडी अंथरली. मी टोकाला बसून त्यांचं डोकं मांडीवर घेतलं. मी तेव्हा १९ वर्षांची होते. डोकं मांडीवर घ्यायचं, केसांतून हात फिरवायचा, "तात्या, आलंच कराड" म्हणत राहायचं, याहून जास्त काही करायचं असतं हे मला माहीत नव्हतं. जीपवाल्याला नव्हतं, भावाला नव्हतं, आप्पांनाही नव्हतं. जीपवाला भला माणूस. खड्डे चुकवत, हॉर्न वाजवत, जीव तोडून गाडी हाणत होता. नंतर भाड्याचे पैसेही त्यानं घेतले नाहीत.

पाटण सोडल्यावर त्यांना उलटी झाली. मी ओढणीनं तोंड पुसलं आणि डोकं आणखी उचलून धरलं. ठसका लागलेल्या लेकराला आपण उचलून धरतोच ना, तसं. मग घोरणं थांबलं आणि छातीत घरघर सुरू झाली.

तिसऱ्या दिवशी तात्या गेले. डॉक्टरांनी आम्हाला बाजूला घेऊन सांगितलं की मेंदूतला रक्तस्राव मोठा होता, तसंही अवघडच होतं. त्यात वाटेत उलटी फुप्फुसात गेली. त्यांनी कुणाला बोल लावला नाही. पण त्या वाक्याचा शेवटचा तुकडा माझ्या मनात कुठंतरी जाऊन बसला आणि पुढची १७ वर्षं तिथंच राहिला.

२००९ मध्ये आमच्या शाळेत शिक्षकांसाठी प्रथमोपचाराचं दोन दिवसांचं प्रशिक्षण होतं. मी तोवर कराडला शिक्षिका म्हणून रुळले होते. सतरंजीवर रबराचं एक अर्धं धड ठेवलं होतं, मुलीच्या चेहऱ्याचं, डोळे मिटलेलं. त्याच्या छातीवर दाब कसा द्यायचा, तोंडानं श्वास कसा द्यायचा हे एकेकानं करून बघायचं होतं. शिकवणारा तरुण म्हणाला, "त्याआधी एक गोष्ट लक्षात घ्या. बेशुद्ध माणूस उताणा पडला की त्याची जीभ आणि घशातला सैल भाग मागं पडतो आणि हवेची वाट अडते. डोक्याखाली उशी दिली तर मान पुढं मुडपते, वाट आणखी बंद होते. माणूस घोरतोय म्हणजे झोपलाय असं समजू नका. ती अडलेल्या वाटेची खूण असते." मग त्यानं आमच्यातल्या एका सरांना सतरंजीवर निजवलं. पलीकडचा गुडघा वाकवला, त्यांचा हात गालाखाली घेतला आणि एका हातानं खांदा, दुसऱ्यानं गुडघा धरून अलगद त्यांना आपल्या बाजूला, कुशीवर वळवलं. "श्वास चालू असेल आणि शुद्ध नसेल तर असं ठेवायचं. उलटी झाली तरी बाहेर येते, आत जात नाही. अपघातात मानेला मार असेल तर गोष्ट वेगळी, तिथं मान हलवायची नाही."

मी उठून बाहेर नळावर गेले. बराच वेळ तोंडावर पाणी मारत राहिले.

तात्या गोठ्यात कुशीवर पडले होते. आम्ही त्यांना सरळ केलं होतं.

त्यानंतर मी या विषयावर मिळेल ते वाचायला लागले. आधी अपराधासारखं काहीतरी आत होतं, ते शमवायला वाचत होते. पुढं वाचनच धरून ठेवू लागलं, कारण जे आम्हाला माहीत नव्हतं ते फार पूर्वी जगालाही माहीत नव्हतं. ते कळायला कुणीतरी अंगमेहनत केली होती, कुणीतरी आपलं माणूस गमावलं होतं.

पीटर सफार हा मूळचा व्हिएन्नाचा भूलतज्ज्ञ. शस्त्रक्रियेच्या टेबलावर बेशुद्ध माणसाचा श्वास सांभाळणं हे त्याचं रोजचं काम. १९५० च्या दशकात अमेरिकेतल्या बाल्टिमोरला त्यानं जे प्रयोग केले ते वाचताना आजही अंगावर काटा येतो. डॉक्टर आणि विद्यार्थी स्वतःहून पुढं आले. त्यांना गुंगी आणून क्युरारे दिलं, म्हणजे स्नायू ढिले पडून श्वासही थांबेल असं औषध. मग साध्या, डॉक्टर नसलेल्या माणसांना सांगितलं की यांना तोंडानं श्वास द्या. तेव्हा पाठीवर दाबून आणि हात वर-खाली करून श्वास देण्याची पद्धत सगळीकडे शिकवली जायची. सफारनं दाखवून दिलं की तिच्यातून फुप्फुसात पुरेशी हवा जातच नाही. डोकं मागं झुकवून, हनुवटी उचलून वाट मोकळी केली आणि तोंडानं हवा दिली तर जाते. नॉर्वेतल्या स्टाव्हांगर गावचा खेळण्यांचा कारखानदार आस्मुंड लार्डाल यानं हे शिकवायला १९६० मध्ये एक बाहुली बनवली. आमच्या सतरंजीवरची पोर त्याच घराण्यातली. तिचा चेहरा पॅरिसच्या सेन नदीत सापडलेल्या एका अनोळखी मुलीच्या मुखवट्यावरून घेतला असं सांगतात.

श्वास द्यायची रीत सापडली होती, पण ती रुग्णालयाच्या दारापाशीच थांबली होती. दाराबाहेर काय होतं? १९६६ मध्ये अमेरिकेच्या राष्ट्रीय विज्ञान अकादमीनं अपघाती मृत्यूंवर एक अहवाल काढला. आदल्या एका वर्षात तिथं १,०७,००० माणसं अपघातांत दगावली होती. त्याच अहवालात एक वाक्य आहे, जे मी तीन-तीनदा वाचलं. देशातल्या साधारण निम्म्या अँब्युलन्स अंत्यविधी करणारे व्यावसायिक चालवत होते. कारण त्यांच्याकडच्या गाडीत माणूस आडवा ठेवता यायचा.

माणूस आडवा ठेवता येणं, एवढीच त्या गाडीची लायकी. मेलेला असो की जिवंत.

आपल्या भाषेत बघा. रुग्णवाहिका आणि शववाहिका, दोन्हीत 'वाहिका' तीच. वाहून नेणारी. अँब्युलन्स या मूळ शब्दात मात्र वाहणं नव्हतं, चालणं होतं. फ्रेंच सैन्यात 'चालतं रुग्णालय' असायचं, फौजेबरोबर पुढं सरकणारं, त्या चालण्यावरून तो शब्द आला. नेपोलियनच्या फौजेतला शल्यवैद्य दोमिनिक लारे यानं १७९० च्या दशकात हलक्या, घोड्यांच्या गाड्या थेट रणांगणावर नेल्या. तोवर जखमींनी लढाई संपेपर्यंत पडून राहायचं अशी पद्धत होती. लारेनं त्यांना तिथंच बांधाबांध करून उचलायला सुरुवात केली, आणि आधी कुणाला हे हुद्द्यावर नाही तर जखमेवर ठरवलं. शब्दाचा अर्थ तिथं पूर्ण होता. पुढं दीडशे वर्षांत त्यातलं रुग्णालय गळून पडलं आणि नुसती गाडी उरली.

अमेरिकेतल्या पिट्सबर्ग शहरात ती गाडी पोलिसांची होती. कॅनव्हासच्या स्ट्रेचरवर माणूस घालायचा, गाडीच्या मागं सरकवायचा, आणि दोन्ही पोलीस पुढं जाऊन बसायचे. मागं कुणी नाही. हिल डिस्ट्रिक्ट हा तिथला कृष्णवर्णीयांचा भाग. तिथं तर पोलिसांना बोलवायचं की नाही याचाच लोक आधी विचार करत. १९६६ च्या नोव्हेंबरात पेनसिल्व्हेनियाचे माजी गव्हर्नर डेव्हिड लॉरेन्स एका सभेत कोसळले. त्यांनाही पोलिसांच्याच गाडीतून नेलं. हृदय पुन्हा सुरू झालं, मेंदू परतला नाही. त्यांच्यावर उपचार करणारा डॉक्टर होता पीटर सफार, तो तोवर पिट्सबर्गला आला होता. त्याच वर्षी त्याची स्वतःची लहान मुलगी एलिझाबेथ दम्याच्या झटक्यानं गेली होती. आईवडील वैद्यकीय परिषदेसाठी परगावी होते. श्वास परत आणण्याची रीत ज्यानं जगाला दिली, त्याच्या घरात हे घडलं. यावर मला काही लिहिता येत नाही.

पुढच्याच वर्षी, १९६७ मध्ये, सफार आणि फिल हॅलन नावाचा एका निधीचा प्रमुख यांनी हिल डिस्ट्रिक्टमधल्या फ्रीडम हाउस या संस्थेला गाठलं. ही संस्था वस्तीत भाजीपाला घरोघरी पोचवायचं काम करत होती. तिथल्या तरुणांना त्यांनी अँब्युलन्ससाठी तयार करायचं ठरवलं. कोण होती ही मुलं? बरीचशी शाळा अर्ध्यात सोडलेली, काही व्हिएतनामच्या लढाईतून परतलेली, आणि कामावर ठेवण्याच्या लायकीची नाहीत असा शिक्का बसलेली. त्यांना ३०० तासांचं प्रशिक्षण मिळालं. शरीररचना, हृदय चालू करणं, रक्तस्राव थांबवणं, हाड मोडलं तर कसं धरायचं. शस्त्रक्रियागृहात उभं राहून शिकले, शवागारात शिकले. आणि गाडी अशी की रुग्णाच्या उशाशी बसून त्याचा श्वास सांभाळता येईल. जीपमध्ये जिथं मी बसले होते, बरोबर तिथं.

पहिल्या वर्षी त्यांनी पाच हजारांहून जास्त हाकांना धाव घेतली. ते गोऱ्या वस्त्यांतही जायला लागले. काही दारांत त्यांना आत घ्यायचं की नाही यावर खल व्हायचा, आत कुणीतरी श्वासासाठी तडफडत असताना. १९७४ मध्ये नॅन्सी कॅरोलाइन ही तरुण डॉक्टर त्यांची वैद्यकीय संचालक झाली. ती त्यांच्याबरोबर गाडीत फिरायची, रात्रपाळ्या करायची, प्रत्येक केसनंतर काय चुकलं हे बसून तपासायची. या मुलांना शिकवता शिकवता तिनं जो अभ्यासक्रम घडवला, तो पुढं अख्ख्या देशातल्या पॅरामेडिकांच्या, म्हणजे गाडीतून जाऊन तातडीचे उपचार करणाऱ्यांच्या, शिक्षणाचा पाया झाला. आणि १९७५ च्या ऑक्टोबरात पिट्सबर्ग पालिकेनं स्वतःची सेवा सुरू करून फ्रीडम हाउस बंद केलं. या मुलांना नव्या सेवेत घेतलं खरं, पण त्यांच्याहून कमी जाणणाऱ्यांच्या हाताखाली, आणि एकेक करत बरेच जण बाहेर पडले. त्यांच्यातले जॉन मून टिकून राहिले आणि त्याच सेवेत उपप्रमुखाच्या पदापर्यंत गेले. पण ज्यांनी जगाला शिकवलं त्यांना घरात जागा मिळाली नाही, याचा मला आजही राग येतो.

फ्रीडम हाउसची गाडी सुरू होत होती त्याच सुमारास उत्तर आयर्लंडमधल्या बेलफास्टला फ्रँक पँट्रिज नावाच्या हृदयरोगतज्ज्ञानं वेगळ्या बाजूनं हाच विचार केला. हृदयविकाराची बरीचशी माणसं पहिल्या तासा-दोन तासांत, रुग्णालयाचं तोंडही न बघता जातात. मग रुग्णालयात कितीही मोठी यंत्रं ठेवून काय उपयोग? १९६६ पासून त्यानं हृदयाला झटका देणारं यंत्र मोटारीच्या बॅटऱ्यांवर चालवून गाडीत घातलं. वजन ७० किलो. डॉक्टर आणि परिचारिका ते घेऊन लोकांच्या घरी जायला लागले. पुढं यंत्र इतकं हलकं झालं की आता विमानतळाच्या भिंतीवर टांगलेलं दिसतं.

आपल्याकडे हे यायला वेळ लागला. १०८ हा क्रमांक २००५ मध्ये हैदराबादहून सुरू झाला. त्याच वर्षी मुंबईत १२९८ ही रुग्णवाहिका सेवा सुरू झाली. महाराष्ट्रात १०८ आली ती २०१४ च्या जानेवारीत, ९३७ गाड्यांसह, आणि मागं डॉक्टर घेऊन. बहुतेक जण आयुर्वेद किंवा होमिओपॅथी शिकलेले तरुण डॉक्टर, आपत्कालीन उपचारांचं वेगळं प्रशिक्षण घेतलेले. फोन जातो पुण्यात औंधला आणि गाडी निघते जवळच्या ठिकाणाहून. चालकाला तिथं पायलट म्हणतात. मला हा शब्द आधी जरा मोठा वाटला होता. २०१६ च्या पावसाळ्यानंतर वाटत नाही.

पंचमीला माहेरी गेले होते. आईला बरीच वर्षं रक्तदाबाचा त्रास, अलीकडे पायांवर सूजही यायची. रात्री दोनला मला जाग आली ती तिच्या धापेनं. खिडकीचा गज धरून ती उभी होती. एकेक शब्द तुटत होता. "वारा... पुरंना..." कपाळ घामानं थबथबलेलं, ओठ निळसर. खोकली तेव्हा तोंडाशी फेस आला.

भावानं १०८ फिरवला. पलीकडून गाव, वाडी, जवळची खूण विचारली. मग शुद्ध आहे का, बोलताहेत का. एव्हाना शेजारपाजारचे जमले होते. आप्पा आता ऐंशीच्या घरातले, काठी टेकत आले आणि दारातूनच म्हणाले, "अगं, दमल्यात त्या. आडवं करा त्यास्नी."

आणि मला माहीत नव्हतं. खरं सांगते, त्या क्षणी मला माहीत नव्हतं. २००९ मध्ये शिकले होते ते बेशुद्ध माणसाचं. आई शुद्धीवर होती. तिच्या पाठीला हात लावून मी तिला बाजेकडं वळवतच होते, तेवढ्यात भावाच्या हातातल्या फोनवर डॉक्टर बोलले. गाडी पाटणहून निघाली होती आणि त्यातूनच त्यांनी फोन केला होता. भावानं फोन मोठ्या आवाजावर ठेवला. "आजी बसल्यात का? बसूनच राहू द्या. निजवू नका, काही झालं तरी निजवू नका. पाय खाली सोडा. घरात लाकडी खुर्ची आहे का, हाताची? तिच्यावर बसवून रस्त्यापर्यंत आणा. चालवू नका."

चौघांनी खुर्ची उचलली. तीच पांदी, तसाच पाऊस. पुढं भाऊ टॉर्च घेऊन, मी मागं छत्री धरून. खाली पोचलो आणि दहा मिनिटांत वळणावर निळा-तांबडा उजेड दिसला. पायलटनं गाडी फिरवून मागचं दार आमच्याकडं केलं. डॉक्टर उतरला. हो, उतरला, माझ्या शाळेतल्या मुलांपेक्षा चार-सहा वर्षांनी मोठा असेल, मिशीही धड फुटलेली नाही. खाली वाकून आईच्या डोळ्यांशी डोळे नेऊन म्हणाला, "आजी, माझ्याकडं बघा. मी आहे आता." स्ट्रेचरची डोक्याकडची बाजू त्यानं जवळजवळ खुर्चीसारखी उभी केली आणि तिला तशीच बसती आत घेतली. तोंडावर ऑक्सिजनचा मास्क. बोटाला चिमटा लावला, त्यावर रक्तातल्या ऑक्सिजनचा आकडा दिसला, ७८. रक्तदाब बघितला, जिभेखाली गोळी ठेवली, हातात सुई टोचून इंजेक्शन दिलं. हे सगळं करताना त्याचा एक हात सतत तिच्या खांद्यावर होता, ती घसरून आडवी होऊ नये म्हणून.

मी समोरच्या छोट्या सीटवर बसले होते. माझ्या मांडीवर काही नव्हतं. हात मोकळे होते आणि ते कुठं ठेवावेत कळत नव्हतं.

"डॉक्टर, निजवायचं का नाही?" मी विचारलं. त्यानं आकड्यावरची नजर न काढता सांगितलं. हृदयाला रक्त पुढं ढकलायला झेपत नाही, म्हणून फुप्फुसात पाणी साठतं. बसलं की पाणी खालच्या अंगाला राहतं, वरच्या भागानं श्वास घेता येतो. निजवलं तर सगळ्या फुप्फुसावर पसरतं, माणूस आतल्या आत बुडतो. "घरचे निजवतातच हो ताई. मायेनं निजवतात." मग म्हणाला, "गरोदर बाईला डाव्या कुशीवर. चक्कर आली असेल तर उताणं, पाय वर. दम लागलेल्याला बसवून. प्रत्येकाचं वेगळं असतं."

मल्हारपेठच्या पुढं तो आकडा ८९ झाला. कराडच्या अलीकडे ९३. आईनं मास्कमधूनच खुणेनं विचारलं, भाऊ कुठाय. मोटारसायकलवर मागून येतोय म्हटल्यावर तिनं कपाळाला हात लावला, "पावसात कशाला" अशा अर्थानं. तेव्हा मला रडू आलं.

आमच्या भागात चौकाचौकात रुग्णवाहिका उभ्या दिसतात. कुणी पतसंस्थेनं दिलेली, कुणी मंडळानं, कुणी वडिलांच्या स्मरणार्थ. दोन्ही बाजूंना देणाऱ्याचं नाव ठळक अक्षरांत. देणाऱ्यांच्या भावनेबद्दल मला आदर आहे. मलाही तात्यांच्या नावानं काही करायचं होतं. पण बऱ्याच गाड्यांत चालक सोडून कुणी नसतं. मागं ऑक्सिजनचं नळकांडं असतं, ते उघडायचं कुणी, किती, हे नातेवाइकांवर. ती आमची १९९२ ची जीपच, फक्त पांढरी आणि भोंगा लावलेली. मी ज्या मंडळाला वर्गणी देते त्यांना मी स्पष्ट सांगितलं, दुसरी गाडी घेऊ नका. आहे तिच्या मागं बसणाऱ्या दोन पोरांना चांगलं शिकवा आणि महिन्याचा नीट पगार द्या. नाव गाडीवर येणार नाही. तो पगार मिळतो तोवर मी माझा वाटा देते.

मागं डॉक्टरच हवा असंही मी म्हणणार नाही. फ्रीडम हाउसच्या मुलांनी ते दाखवून दिलंय. हवा असतो शिकवलेला माणूस, पुनःपुन्हा सराव करून घेतलेला, आणि ज्याच्या कामाला काम म्हणून नाव आहे असा. आपल्या देशात या मंडळींना आरोग्य व्यावसायिक म्हणून कायद्यात जागा मिळाली ती २०२१ च्या संलग्न आरोग्य व्यवसायांच्या कायद्यानं. तोवर ते कोण होते? गाडीवरची पोरं. आजही कित्येक जण कंत्राटावर आहेत. आणि गाडी पोचायलाही रस्ता लागतो. गडचिरोली, पालघरमधल्या पाड्यांवरून गरोदर बाईला झोळीत घालून चालत आणल्याच्या बातम्या अजून दर पावसाळ्यात येतात. झोळीत बाई कुशीवर राहत नाही, मुडपून जाते. ती बातमी वाचली की मला आमची पांदी दिसते, आणि तरी आमच्या पांदीच्या शेवटी रस्ता होता.

रस्त्यावरच्या अपघाताला हात लावायला आपली माणसं पूर्वी घाबरायची, पोलिसांचं लचांड मागं लागेल म्हणून. मार्च २०१६ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं मदत करणाऱ्याला संरक्षण दिलं आणि २०१९ मध्ये मोटार वाहन कायद्यातही ते आलं. महामार्गावर कराडच्या आसपास राहणाऱ्यांनी हे पाठ करावं. मी दहावीच्या वर्गाला दरवर्षी हे सांगते, आणि नंतर बाकं सरकवून एकेकाला जमिनीवर निजवून कुशीवर वळवायला लावते. मुली आधी लाजतात. मग एकमेकींना इतक्या हळुवार वळवतात की बघत राहावं.

आई आठ दिवसांनी घरी आली. गोळ्या वाढल्या, मीठ कमी झालं, पायांची सूज उतरली. पण बाजेवर तीन उशा रचून टेकून बसायची सवय लागली ती लागलीच. गौरीगणपतीला मी पुन्हा गेले तेव्हा एका दुपारी ती म्हणाली, "त्या पोरानं मला निजू का दिलं नाही गं?" मी जमेल तसं सांगितलं, पाणी, फुप्फुस, बुडणं. तिनं सगळं ऐकून घेतलं. डोळे मात्र गोठ्याकडं होते. गोठ्यात आता म्हैस नाही, लाकडं रचलेली असतात.

बऱ्याच वेळानं म्हणाली, "मग ह्यांना कसं ठेवायला पाहिजे होतं?"

चोवीस वर्षांत तिनं हे कधी विचारलं नव्हतं. मी सांगायला तोंड उघडलं, पण शब्द सुचेनात. म्हटलं, "तू जरा नीज. आता चालतंय." दोन उशा काढल्या. तिचा पलीकडचा गुडघा वाकवला, हाताचा पंजा गालाखाली सरकवला आणि खांद्याला धरून तिला माझ्याकडं, कुशीवर घेतलं. तिचा श्वास माझ्या मनगटावर लागत होता.

"असं?" ती म्हणाली.

"असं."

ती तशीच पडून राहिली. मी तिथंच बसले, तिला डोळा लागेपर्यंत.